पहारेकऱ्यांची अर्धी ओवी

खोटं बोलल्यानंतरही पोथी वाचताना माझा आवाज पूर्वीसारखाच लागत होता, याचीच मला सगळ्यात जास्त भीती वाटली. मला वाटलं होतं की जीभ अडखळेल, निदान लोकांच्या चेहऱ्यावर काहीतरी दिसेल. तसं काहीच झालं नाही. समईच्या उजेडात अक्षरं तितकीच स्पष्ट दिसत होती, बायका तशाच हात जोडून बसल्या होत्या आणि अध्याय संपल्यावर म्हातारी माणसं तशीच माझ्या पाया पडत होती. ज्याचे गुण मी इतकी वर्षं गात होतो तो खरोखर असेल, तर त्यानं मला त्याच आसनावर थांबवायला हवं होतं. त्यानं थांबवलं नाही, म्हणून तो नसावा, अशा शंकेपर्यंत माझं मन गेलं होतं. आज साठी उलटल्यावर हे लिहायला बसलो आहे, ते त्याने मला कसं थांबवलं हे सांगण्यासाठी.

साठ सालानंतरची ही गोष्ट आहे. तेव्हा आमचा जिल्हा कुलाबा म्हणून ओळखला जायचा. कर्जतहून भिसेगाव मागे टाकून पुढे गेलं की आमचं गाव लागतं. गाव भातशेतीचं. आषाढ-श्रावणात सगळे लावणीच्या आणि बेणणीच्या, म्हणजे तण काढण्याच्या, चिखलात असायचे, त्यामुळे इतर ठिकाणी चातुर्मासात लागणारी पोथी आमच्याकडे भात घरात आल्यावर, मार्गशीर्षात लागायची. मारुतीच्या देवळात वडील वाचायचे, आणि ते गेल्यावर ते आसन माझ्याकडे आलं. मी फार शिकलेला नव्हतो, सातवीपर्यंत, म्हणजे तेव्हाच्या फायनलपर्यंत, शाळा झाली होती. पण वडिलांनी लहानपणापासून ओवी कशी म्हणायची, कुठे थांबायचं आणि अर्थ कसा उलगडून सांगायचा हे शिकवलं होतं. पोटासाठी मी गावाबाहेरच्या भातगिरणीत हलरवर काम करायचो. हलर म्हणजे भाताचं टरफल काढणारं यंत्र. गिरणी एका शेठची होती. शेजारच्या खोलीत तेलावर चालणारं इंजिन होतं, आणि तिथून एक रुंद पट्टा भिंतीतून येऊन आमच्या यंत्रांना फिरवायचा.

इंजिनावर इस्माईलभाई होते. माझ्याहून दहा-बारा वर्षांनी मोठे, शांत स्वभावाचे. इंजिनाच्या नुसत्या आवाजावरून त्याला काय हवं-नको ते त्यांना कळायचं. त्यांच्या खोलीतून आमच्या बाजूला एक छोटी खिडकी होती. सगळं तयार झालं की मी उजवा हात वर करायचा आणि मग त्यांनी पट्टा चालू करायचा, अशी आमची रीत होती. बोललेलं ऐकू येत नसे, म्हणून हाताची खूण. आठ वर्षांत त्या खुणेत कधी चूक झाली नव्हती.

त्या मार्गशीर्षात एका संध्याकाळी पट्टा घसरू लागला. मी इस्माईलभाईंना इंजिन थांबवायला सांगितलं, पट्ट्यावरची लोखंडी जाळी काढली आणि फडक्याने त्याला राळ लावली. राळ लावली की पट्टा चाकाला धरून राहतो. दिवेलागण व्हायला आली होती आणि देवळात लोक जमायला लागले असतील, हे माझ्या डोक्यात होतं. जाळी परत बसवायला थोडा वेळ लागला असता. मी ती भिंतीला टेकवून ठेवली, वळलो आणि फडकं हातात असतानाच हात वर केला. गिरणीत झाडलोट करणाऱ्या येसूवहिनी तिथेच खाली वाकून सांडलेला कोंडा झाडत होत्या, ते मी पाहिलंच नाही.

पट्ट्याने त्यांचा पदर ओढला आणि पदराबरोबर डावा हात. इस्माईलभाईंनी किंकाळी ऐकून लगेच पट्टा थांबवला, म्हणून जीव वाचला. हाताचं हाड कोपराजवळ चुरलं होतं. पुढे ते जुळलं, पण तो हात पुन्हा कधी सरळ झाला नाही.

येसूवहिनींना बैलगाडीतून दवाखान्यात नेल्यावर शेठ आले. जाळी भिंतीला टेकलेली त्यांना दिसली. त्यांनी विचारलं, "जाळी उघडी असताना इंजिन लावलं कोणी?"

इस्माईलभाई म्हणाले, "मला खूण झाली, शेठ."

शेठनी माझ्याकडे पाहिलं. आणि मी म्हणालो, "मी खूण केली नाही."

एवढंच. यात काही बेत नव्हता की डाव नव्हता. तोंडातून निघालेला पहिला शब्द होता तो, आणि पुढच्याच क्षणी मागे घेता आला असता. पण तेवढ्यात शेठ इस्माईलभाईंना म्हणाले, "हा पोथी वाचणारा माणूस आहे. हा खोटं बोलेल होय?" त्यानंतर माझं खोटं माझं एकट्याचं राहिलं नाही. त्याला पोथीचा, वडिलांचा आणि सगळ्या गावाचा टेकू मिळाला. इस्माईलभाईंना दुसऱ्या दिवसापासून कामावर येऊ नका म्हणून सांगितलं गेलं. एका बाईचा हात घालवणारा इंजिनवाला, अशी बोलवा पसरली, आणि आसपासच्या कुठल्याच गिरणीत त्यांना कुणी उभं करेना.

आठ-दहा दिवसांनी ते माझ्या घरी आले. मला वाटलं भांडायला आले. ते ओट्यावर बसले, टोपी काढून गुडघ्यावर ठेवली आणि म्हणाले, "भाऊ, तुमी खूण केली नाय म्हनता, तर नसंल केली. तुमी कशाला उगाच बोलाल? माझ्याच डोळ्यांचं कायतरी बिघडलंय. मला हात वर झालेला दिसला. नसलेलं दिसायला लागलं तर मानसानं इंजिनावर बसू नये. येसूच्या हाताचं पाप माझ्याच माथी हाय. तुमच्यावर मी आळ घेतला, तेवढा पोटात घाला."

मी काय बोललो असेन? "देवाची इच्छा," असं म्हणालो. आणि त्यांना चहा दिला. पुढे ते घर आवरून बायकोमुलांसह खोपोलीला गेले.

त्यानंतरचं वर्ष मी कसं काढलं ते सांगताना लाज वाटते, कारण मी ते बरंच चांगलं काढलं. माझ्याकडे एक औषध होतं, आणि ते मला पोथीनेच दिलं होतं. जगात जो कोणी दुःख भोगतो तो आपल्या पूर्वकर्माचं फळ भोगतो, हे मी शेकडो वेळा लोकांना समजावून सांगितलं होतं. ते मी आता स्वतःला सांगू लागलो. इस्माईलभाईंच्या वाट्याला हे आलं, त्याअर्थी त्यांचं काही देणं-घेणं असेल. मी फक्त निमित्त. सगळं देवावर सोडलं, असं मी मनाशी म्हणायचो, आणि हे म्हणताना मला भक्ती केल्यासारखं वाटायचं. जुन्या कथा दुधारी असतात. त्यातून माणूस स्वतःला धुऊन काढू शकतो, आणि तितक्याच सहज स्वतःला झाकूनही घेऊ शकतो. मी झाकून घेतलं होतं.

पुढच्या मार्गशीर्षात पोथी पुन्हा लागली. जिथे आदल्या वर्षी खूण घातली होती तिथून पुढे. चौथ्या की पाचव्या दिवशी एका मौनव्रती ऋषीची कथा आली. ती तशी सगळ्यांना ठाऊक आहे. एक ऋषी आश्रमाच्या दारात मौन धरून तप करत बसलेला असतो. राजवाड्यातून चोरी करून पळणारे चोर त्याच्या आश्रमात लपतात आणि लूटही तिथेच दडवतात. मागून राजाचे शिपाई येतात. चोर कुठे गेले म्हणून विचारतात. ऋषीचं मौन आहे, तो बोलत नाही. शिपाई आत शिरतात, त्यांना लूट सापडते, चोर सापडतात, आणि हाही त्यांच्यातलाच समजून ऋषीलाही धरून नेतात. राजा सगळ्यांना सुळावर द्यायची आज्ञा करतो. चोर मरतात, पण ऋषी तपाच्या बळावर सुळावर जिवंत राहतो. मग राजाला कळतं, तो धावत येतो, पाय धरतो, ऋषीला खाली उतरवतो. पुढे ऋषी यमधर्माकडे जाऊन विचारतो की मला ही शिक्षा कशाची? यमधर्म सांगतो की लहानपणी तू कीटकांना गवताची काडी टोचली होतीस, त्याचं हे फळ.

मी ओव्या म्हटल्या आणि अर्थ सांगू लागलो. ज्या ओळीवर मला यायचं होतं त्या ओळीवर मी घाईने आलो. बघा, म्हणालो, एवढा मोठा तपस्वी, पण एका काडीचंही फळ त्याला चुकलं नाही. मग तुमची-आमची काय कथा? ज्याचं त्याला भोगावंच लागतं. माना हलल्या. मी पान उलटणार, तेवढ्यात दाराजवळच्या खांबापाशी बसलेली एक म्हातारी म्हणाली, "म्हाराज, एक इचारू का?"

ती आमच्या गावची नव्हती. गडद हिरवं लुगडं, मांडीवर एक गाठोडं. बोलण्यावरून खालापूरकडची वाटत होती. गाडी चुकली म्हणून देवळात टेकली असेल, असं मला वाटलं.

"विचारा आजी," मी म्हणालो.

"त्यो ऋषी सुळावर जित्ता हाय, ह्ये राजाला कोनी सांगितलं?"

हा प्रश्न मला कधी कुणी विचारला नव्हता. मी पोथीत पाहिलं. एका ओवीच्या अर्ध्या भागात ते होतं. मी इतक्या वर्षांत त्यावरून कितीदा तरी गेलो असेन. "पहारेकऱ्यांनी सांगितलं," मी म्हणालो. "सुळापाशी जे शिपाई पहाऱ्याला होते, त्यांनी."

"म्हंजी ज्यांनी त्याला धरून नेला आन सुळावर चढवला, त्यांनीच?"

"हो. राजाचीच माणसं ती."

"मंग त्यान्ला भ्या नाय वाटलं? राजाला जाऊन सांगायचं, का आमच्या हातनं भलताच मानूस चढला. राजानं त्यान्लाच चढवला असता तर?"

"तसं पोथीत काही लिहिलेलं नाही," मी म्हणालो.

"लिवलं नसंल," ती म्हणाली. तिच्या बोलण्यात वाद घालण्याचा सूर अजिबात नव्हता, जणू ती स्वतःशीच काही लावून पाहत होती. "पन ग्येले ना त्ये. त्ये नसते ग्येले, तर ऋषी काय आपनहून उतरनार व्हता? त्याचं पाप त्याच्यापाशी, त्ये देव बघील. पन त्याला उतरवायचं काम त्या शिपायांचं व्हतं. त्यांनी ते क्येलं. बरं क्येलं."

एवढं बोलून तिने देवाला हात जोडले. मी पुढे वाचायचा प्रयत्न केला. अक्षरं दिसत होती, पण ती मला म्हणता येईनात. डोकं दुखतंय असं सांगून मी आरती उरकली. गर्दी पांगली तेव्हा खांबापाशी कुणी नव्हतं.

घरी येऊन मी ओसरीवर बसलो. मला जे होत होतं त्याला पश्चात्ताप म्हणावं की नाही, ठाऊक नाही. त्यात रडू नव्हतं. एखादं ओझं इतके दिवस डोक्यावर आहे की ते आहे हेही विसरावं, आणि कुणीतरी नुसतं त्याच्याकडे बोट दाखवावं, तसं वाटत होतं. वर्षभर मी अशा कथांतून ऋषी शोधत होतो, यमधर्म शोधत होतो, पाप-पुण्याचा निवाडा शोधत होतो. इस्माईलभाईंनी मागच्या जन्मी काय केलं असेल याचा विचार करत होतो. माझी स्वतःची जागा कुठे आहे, ते मी पाहिलंच नव्हतं. मी सुळापाशी उभा होतो. माझ्या डोळ्यांदेखत एक निर्दोष माणूस वर होता, आणि राजाकडे जाणारी वाट मला माहीत होती.

पत्नीला सगळं सांगितलं. ती म्हणाली, "मला वाटायचं तुम्हाला आतून काही दुखणं लागलंय. हे होतं होय. उद्या लवकर जा. भाकरी बांधून देते."

सकाळी मी शेठकडे गेलो. खूण मी केली होती, जाळी मी काढली होती, इस्माईलभाईंचा काडीचा दोष नव्हता, असं उभ्या उभ्या सांगितलं. शेठ चिडले नाहीत. त्यांनी मला बसायला सांगितलं आणि समजुतीच्या स्वरात म्हणाले, "अरे, वर्ष झालं. येसूचा हात आता सरळ होणार आहे का? इस्माईल तिकडे कामाला लागलाय. तू हे उकरून काढलंस तर लोक तुला काय म्हणतील, मला काय म्हणतील? तुझं मन मोकळं झालं ना? झालं तर मग. जा, हलर चालू कर."

खरं सांगतो, क्षणभर मला हायसं वाटलं. राजाकडे जाऊन आलो होतो, राजानेच परत पाठवलं होतं. आता माझ्याकडून राहिलं काय? मी हलरपर्यंत गेलोही. तिथे खिडकीपलीकडे नवा इंजिनवाला माझ्या हाताकडे बघत बसला होता. माझा हात वर होईना. त्या दिवशी मी कामावर न थांबता घरी आलो.

संध्याकाळी देवळात लोक जमले. मी आसनावर बसलो नाही. पोथी गुंडाळलेलीच ठेवली आणि सगळ्यांसमोर उभं राहून बोललो. काय शब्दांत बोललो ते आठवत नाही. लांबवलं नाही एवढं आठवतं. शेवटी म्हणालो की या आसनावर बसायचा मला अधिकार नाही, तुम्ही दुसरं कुणी बघा.

बायकांच्या बाजूला येसूवहिनी बसल्या होत्या, वाकलेला हात मांडीवर घेऊन. त्या उठल्या. माझ्या नात्यात त्या भावजय लागत. सगळ्या देवळाला ऐकू जाईल अशा, पण शांत आवाजात म्हणाल्या, "भावजी, मी बघितलं व्हतं."

मला कळेना.

"तुमचा हात वर झालेला मी बघितला व्हता. पट्टा वढायच्या आदी. मला समदं ठाव व्हतं."

"मग वहिनी, तुम्ही बोलला का नाहीत?"

"कोनापाशी बोलू? तुमी पोथी वाचनार. आमचे ह्ये गिरणीत पोती उचलनार. माझं कोन ऐकनार व्हतं? आन खोटं कशाला सांगू, मलाबी वाटायचं, बोलले तर घरातली चूल बंद व्हईल. म्हनून गप बसले. रोज पोथीला येत व्हते ती त्याच्यासाठीच. म्हनलं, ह्यो मानूस रोज देवाचं वाचतोय. कवातरी बोलंल."

माझ्या हातून झालेल्या दुखापतीपेक्षा ते वाक्य मला जास्त लागलं, आणि त्याच वाक्याने मला बरंही वाटलं. मी सुळापाशी एकटा नव्हतो. आम्ही दोघं होतो, दोघंही भ्यायलेलो, आणि माझ्याआधी माझ्यासाठी कुणीतरी आशा धरून बसलं होतं. मी त्यांच्या पाया पडायला वाकलो तर त्यांनी चांगला हात पुढे करून मला अडवलं. "माझं राहू द्या," त्या म्हणाल्या. "इस्माईलभाऊला घेऊन या."

दुसऱ्या दिवशी सकाळच्या गाडीने मी खोपोलीला गेलो. विचारत विचारत एका लाकडाच्या वखारीपर्यंत पोहोचलो. इस्माईलभाई ओंडके रचत होते. वर्षभरात फार वाकले होते. मला पाहून त्यांना आनंद झाला, हे बघून मी अजूनच ओशाळलो. सावलीत बसवून त्यांनी घरची चौकशी केली, येसूवहिनींचा हात कसा आहे ते विचारलं. मी म्हणालो, "इस्माईलभाई, त्या दिवशी मी खूण केली होती. मी खोटं बोललो."

मी शिव्यांची, थपडेची वाट बघत होतो. त्यांनी विचारलं, "म्हंजी हात वर झाला व्हता?"

"हो. झाला होता."

"उजवा?"

"उजवा."

"हातात फडकं व्हतं? राळेचं?"

"होतं."

ते ओंडक्यावर मागे टेकले आणि त्यांनी दोन्ही तळव्यांनी डोळे झाकून घेतले. काही वेळाने हात काढले तेव्हा चेहरा ओला होता आणि ते हसत होते. "फडक्यासकट दिसलं व्हतं मला," ते म्हणाले. "बायकोला हेच सांगत व्हतो. ती म्हनायची, एवढं बारीक दिसतं ते खोटं कसं असंल? पन मीच म्हनायचो, नाय, ते भाऊ खोटं नाय बोलनार. मंग माझे डोळे बरे हायत म्हना की." आणि पुन्हा एकदा, समोरच्या रस्त्याकडे, घाटाखालच्या डोंगराकडे बघत म्हणाले, "डोळे बरे हायत."

त्यांच्या मनात माझ्यावर रागवायला जागाच नव्हती, इतका त्यांना सुटल्याचा आनंद झाला होता. वर्षभर ते रस्ता ओलांडताना स्वतःच्या नजरेवर भरवसा ठेवत नव्हते, हे त्यांनी नंतर सांगितलं. मी त्यांचं काम घेतलं होतं एवढंच मला ठाऊक होतं. त्यांच्याकडून मी आणखी काय घेतलं होतं ते त्या दिवशी कळलं.

ते मला घरी घेऊन गेले. त्यांच्या पत्नीने, हमीदाभाभींनी, सगळं ऐकून घेतलं. पाणी दिलं. मग म्हणाल्या, "यांनी माफ केलं असंल, भाऊ. मला वेळ लागंल." मला ते योग्य वाटलं. पुढे कितीतरी वर्षं त्यांनी माझ्याशी कामापुरतंच बोलणं ठेवलं, आणि त्याबद्दल मला कधी वाईट वाटलं नाही.

मी परत आलो तोवर येसूवहिनींचे यजमान आणि पोती उचलणारे आणखी चार-पाच जण शेठकडे जाऊन बसले होते. इस्माईलला परत बोलवा, एवढंच ते म्हणत होते. शेठ आधी कुरकुरले, मग तयार झाले. पंधरा दिवसांत इस्माईलभाई पुन्हा इंजिनावर बसले. मला हलरवरून काढून पोती उचलायला ठेवलं. त्या कामाने पाठ मोडायची, पण त्या दिवसांत मी इतका हलका होतो की पोत्यांचं वजन मला आठवत नाही. गिरणीत नवी रीत पडली. खूण झाल्यावरही इस्माईलभाई आधी खोलीबाहेर येऊन जाळी बसवल्याची खात्री करायचे, आणि मगच पट्टा चालू करायचे.

देवळात दोन वर्षं पोथी दुसऱ्यानं वाचली. मी खाली, माणसांत बसून ऐकली. वडिलांच्या मागून आसनावर चढलेला मी, ऐकायला पहिल्यांदाच शिकलो. तिसऱ्या वर्षी वाचणारे आजारी पडले आणि येसूवहिनींनीच मला सांगितलं की आता तुमी वाचा. तेव्हापासून वाचतो आहे. त्या ऋषीची कथा आली की मी आता पुढचा भागही सांगतो, जो पूर्वी सोडून द्यायचो. यमधर्माचं उत्तर ऋषीनं मान्य केलं नव्हतं. अजाण वयातल्या एवढ्याशा चुकीला एवढी शिक्षा हा न्याय नव्हे, असं त्यानं तोंडावर सांगितलं, आणि खुद्द यमधर्मालाही शापाने माणसाचा जन्म घेऊन आपली चूक भोगावी लागली. ज्या कथेवरून मी दुसऱ्याच्या दुःखावर पांघरूण घालत होतो, ती कथा मुळात दुःखाचा असा हिशेब नाकारण्यासाठी सांगितलेली होती.

त्या म्हातारीची मी बरीच चौकशी केली. आमच्या गावात किंवा आसपासच्या पाड्यांत ती कुणाकडे आली नव्हती. लोधिवलीकडे एका घरात अशी कुणी आहे असं कळलं, म्हणून तिथेही जाऊन आलो. ती दुसरीच निघाली. ती कोण होती याचे तर्क माझ्या गावातल्या लोकांनी पुष्कळ केले. मी केले नाहीत. तिची गाडी चुकली असावी; तिला एक शंका आली आणि तिने ती विचारली, एवढंच मला माहीत आहे आणि तेवढं मला पुरतं.

देवावर सोडणं म्हणजे काय, हे मी आयुष्यभर लोकांना सांगत आलो. खरं तर मी इस्माईलभाईंना देवावर सोडलं होतं, आणि स्वतःचं नाव मात्र घट्ट धरून ठेवलं होतं. सोडायचं होतं ते नाव. माझ्याच्याने ते सुटलं नसतं. सोडवणारं कुणीतरी यावं लागलं. देव मला आसनावर असताना का थांबवत नाही, असं मला वाटायचं. त्याने मला थांबवलं ते एका साध्या प्रश्नाने, ज्याचं उत्तर माझ्याच मांडीवर उघडं पडलेलं होतं.

आज हे सगळं आठवून मन भरून येतं, पण जड होत नाही. येसूवहिनी आहेत, नातवंडांत रमल्या आहेत. इस्माईलभाई मागच्या वर्षी गेले. शेवटपर्यंत त्यांना चष्मा लागला नाही. ती खांबापाशी बसलेली आजी आता या जगात असण्याचा संभव नाही. ती जिथे असेल तिथे तिला शांत झोप लागो. मला लागते.